कुणाच्या पापाचं फळ?

आज आम्ही तुमच्यापुढे एक जुनाच प्रश्न घेऊन आलोय. घरात कुणी अवेळी गेलं, लेकरू अधू जन्मलं, दुष्काळात गोठा रिकामा झाला, की लोक विचारतात, हे कुणाच्या पापाचं फळ? उत्तर शोधायला फार लांब जात नाहीत. घरातल्या सुनेपाशीच येऊन थांबतात. पांढऱ्या पायाची, पायगुण वाईट, नवरा खाल्ला. अशी बोलणी ऐकलेली एक तरी बाई आमच्या प्रत्येक गटात आहे.

ख्रिस्ती धर्मात दुःखाकडे आणि मरणाकडे कसं बघतात, हा आजचा विषय. कुणी धर्म बदलावा म्हणून आम्ही बोलत नाही, आमच्या गटांत सगळ्या धर्मांच्या बाया आहेत. पण हा विषय नुसता पोथीतून सांगण्यापेक्षा एका बाईच्या आयुष्यातून सांगितला तर बरा कळतो. ती बाई म्हणजे पंडिता रमाबाई.

रमाबाईंचा जन्म 1858 चा. वडील अनंतशास्त्री डोंगरे मोठे विद्वान. त्यांनी बायकोला संस्कृत शिकवलं आणि तिने लेकीला. त्या काळात हे मोठंच धाडस. पुढे घर मोडलं आणि सगळं कुटुंब तीर्थांच्या वाटेला लागलं. पुराण सांगायचं, मिळेल ते खायचं. 1870 नंतरच्या दुष्काळात तेही मिळेना. वडिलांची दृष्टी गेली, मग वडील गेले, थोड्या दिवसांत आई गेली, पाठोपाठ बहीण. आईला न्यायला चार खांदेकरी मिळेनात. दोघे ब्राह्मण कसेबसे आले. तिसरा खांदा भावाचा आणि चौथा रमाबाईंचा. पण त्या उंचीने कमी, खांदा पुरेना, म्हणून आईची तिरडी त्यांनी डोक्यावर घेतली. मसणवट तीन मैलांवर. सोळा-सतरा वर्षांची पोरगी, पोटात अन्न नाही. आम्ही हे वाचलं तेव्हा पुढचं पान उलटायला वेळ लागला.

पुढे भावाबरोबर पायी हजारो मैल हिंडून त्या कलकत्त्याला पोचल्या. 1878 साली तिथल्या विद्वानांनी त्यांना ‘पंडिता’ आणि ‘सरस्वती’ म्हटलं. 1880 मध्ये भाऊ वारला. त्याच वर्षी बिपिनबिहारी दास मेधावी या बंगाली वकिलाशी लग्न झालं, आणि 1882 मध्ये पटकीने तेही गेले. कडेवर मनोरमा, वर्षाचीही नाही.

विधवा म्हणजे मागच्या जन्मात काहीतरी घोर पाप केलेली बाई, अशी तेव्हाची समजूत. रमाबाईंनी 1887 साली अमेरिकेत इंग्रजी पुस्तक छापलं, त्यात हे स्पष्ट लिहिलंय. लक्षात घ्या, पटकी झाली नवऱ्याला आणि दोष बायकोच्या मागच्या जन्माचा. असा दोष की जो तिला आठवत नाही, कुणी पाहिलेला नाही आणि म्हणून खोडताही येत नाही.

1883 मध्ये त्या इंग्लंडला शिकायला गेल्या. वाँटेज गावातल्या ख्रिस्ती भगिनींकडे राहिल्या. या भगिनी लंडनमध्ये समाजाने टाकून दिलेल्या बायांसाठी एक घर चालवत. तिथे त्या बायांना कुणी हिणवत नव्हतं, काम शिकवत होते, आजारपण काढत होते. अशा बायांना जवळ का घेता, असं रमाबाईंनी विचारलं. तेव्हा एका भगिनीने येशू आणि शोमरोनी बाईची गोष्ट वाचून दाखवली. विहिरीवर एकटी आलेली, बदनाम बाई, आणि येशू तिच्याकडे पाणी मागतो, तिच्याशी बोलतो. रमाबाई त्याच वर्षी सप्टेंबरात ख्रिस्ती झाल्या.

दुःखाबद्दल बायबलात एकच एक उत्तर नाही, हे आम्हाला वाचताना जाणवलं. ईयोब नावाच्या माणसाची गोष्ट आहे. चांगला माणूस, पण मुलं गेली, गुरं गेली, अंगभर फोड आले. मित्र समजूत घालायला येतात आणि म्हणतात, तू काही तरी पाप केलं असणार. पूर्ण पुस्तकभर वाद चालतो, आणि शेवटी देव रागावतो तो त्या मित्रांवर. दुसरी गोष्ट योहानाच्या शुभवर्तमानातली. जन्मापासून अंध असलेल्या माणसाला बघून शिष्य विचारतात, पाप याचं की याच्या आईबापाचं? येशू सांगतो, दोघांचंही नाही. आणि थुंकीने माती कालवून त्याच्या डोळ्यांना लावायला घेतो. शिवाय ख्रिस्ती लोक ज्याला देव मानतात तोच क्रुसावर खिळून, तहानेने व्याकूळ होऊन मेला. शुभ शुक्रवार पाळतात तो याचसाठी. देवाला आपलं दुखणं वरून दिसतं असं नाही, त्याने ते अंगावर काढलंय, असा तो विचार आहे.

आता मरणानंतरचं. ख्रिस्ती श्रद्धेत पुनर्जन्म नाही. एकच आयुष्य, मग मरण, आणि शेवटच्या दिवशी मेलेली माणसं शरीरासह उठतील, न्याय होईल. म्हणून देह पुरायची रीत पडली. रोमजवळ जमिनीखाली खोदलेल्या पहिल्या ख्रिस्ती लोकांच्या कबरी आजही आहेत. कबरस्तानाला त्यांनी जो ग्रीक शब्द वापरला त्याचा अर्थ झोपायची जागा. आपल्याकडचे ख्रिस्तीही माणूस गेला की प्रभूमध्ये झोपी गेला म्हणतात. पंथांमध्ये फरक आहेत. वसई-गोव्याचे कॅथलिक 2 नोव्हेंबरला कबरींवर मेणबत्त्या लावून मृतांसाठी प्रार्थना करतात, कारण मरणानंतर शुद्धीचा एक मधला काळ असतो असं ते मानतात. प्रॉटेस्टंट तसं मानत नाहीत.

मागचा जन्मच नसेल तर मागच्या जन्माचं पाप कुठून येणार? रमाबाईंच्या हाताखाली आलेल्या बायांसाठी हा हिशेब साधा नव्हता. 1896-97 च्या दुष्काळात रमाबाई मध्य प्रांतात गेल्या. भूक काय असते हे त्यांना कुणी सांगायची गरज नव्हती. तिथून सुमारे तीनशे मुली आणि बाया त्यांनी आणल्या. पुण्यात तेव्हा प्लेग, म्हणून मुलींना दौंडच्या अलीकडे केडगावला, आधी घेऊन ठेवलेल्या जमिनीवर नेलं. तेच मुक्ती मिशन. 1900 च्या दुष्काळात गुजरातेतून आणखी आल्या आणि संख्या दीड हजाराच्या आसपास गेली. कित्येकजणी इतक्या खंगलेल्या होत्या की आल्यावरही वाचल्या नाहीत. वाचल्या त्या शेती, विणकाम, तेलघाणा, शिवण, छपाई शिकल्या. अंध बायांसाठी मनोरमेने ब्रेल शिकवायची सोय केली. त्या घराचं नाव बार्तिमी सदन, रस्त्याकडेला भीक मागणाऱ्या बायबलातल्या अंध बार्तिमयावरून. आंधळी कुणाच्या पापाने झाली, हा प्रश्न तिथे मागे पडला. बोटांनी वाचता येतं का, टोपली विणता येते का, हे विचारलं जाऊ लागलं.

सगळंच गोड होतं असं मात्र आम्ही म्हणणार नाही. 1893 मध्ये पुण्यातल्या शारदा सदनावर धर्मांतराचा आरोप झाला, ‘केसरी’ने झोड उठवली, पालकांनी मुली काढून नेल्या. मदत आणि धर्मप्रसार एकाच घरात असले की भुकेल्या पोरीला कितपत निवड उरते, हा प्रश्न रास्तच आहे. 1905 साली मुक्तीत मोठी धार्मिक लाट आली, तेव्हा मुली आपल्या पापांसाठी तासन्‌तास रडत होत्या, असं तिथल्याच लोकांनी लिहून ठेवलंय. मागच्या जन्माचं पाप एका दाराने गेलं आणि या जन्माचं दुसऱ्या दाराने आलं, असं आमच्यातल्या काहींना वाटलं. काहींचं म्हणणं, या जन्माचं निदान कबूल करून मोकळं तरी होता येतं. गटात यावर बरंच बोलणं झालं, एकमत झालं नाही.

आणि तो पांढऱ्या पायाचा विचार अजून गेलेला नाही. मे 2022 मध्ये कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड गावाला ठराव करावा लागला, की नवरा गेल्यावर बाईचं कुंकू पुसणं, बांगड्या फोडणं, मंगळसूत्र काढणं बंद.

रमाबाईंना शेवटचं मरण बघावं लागलं ते लेकीचं. जुलै 1921 मध्ये मनोरमा गेली, चाळीस वर्षांची. तेव्हा रमाबाई बायबलाचं मराठी भाषांतर पुरं करत होत्या. मूळ हिब्रू आणि ग्रीक त्यासाठी शिकल्या होत्या. खेड्यातल्या बाईला वाचून कळेल अशी भाषा हवी, हा त्यांचा आग्रह. नऊ महिन्यांनी, 5 एप्रिल 1922 ला, त्याही गेल्या. केडगावलाच त्यांना पुरलं. बायबल 1924 साली निघालं, मुक्तीच्याच छापखान्यात, तिथल्या बायांनी छापलेलं.