परभणीच्या काळ्या भुईतील बाभूळ

गोदावरी, पूर्णा आणि दुधना यांच्या खोऱ्यांत पसरलेली परभणी जिल्ह्याची काळी भुई कापसाला आणि ज्वारीला जितकी उदार, तितकीच मोठ्या वृक्षांच्या बाबतीत कृपण. आणि म्हणूनच, जेथे सागवान दुर्मीळ होते अशा या सपाट मुलखात, शेतीच्या लाकूडकामाचा बहुतेक सारा भार पिढ्यान् पिढ्या बाभळीने वाहिला. उन्हाळ्यात भेगाळणाऱ्या जमिनीत खोल मुळांनी तग धरणारे आणि पावसाळ्यात पिवळ्या गोंड्यांनी डवरणारे हे काटेरी झाड मुद्दाम कोणी लावीत नसे. शेळ्यांनी शेंगा खाव्यात, त्यांच्या पोटातून मऊ होऊन आलेले टणक बी लेंड्यांतून बांधावर पडावे आणि मृगाच्या पाण्याने रुजावे, असा त्याचा वंशविस्तार.

1865 मध्ये दिवाण सालारजंगांनी निजामाच्या राज्यात, ज्यात परभणीही होती, जिल्हाबंदी केली, अव्वल तालुकदारापासून तहसीलदारापर्यंत अंमलदारांची उतरंड उभी राहिली आणि खुश्की (कोरडवाहू) व तरी (ओलिताच्या) जमिनींच्या जमाबंदीस पद्धतशीर रूप आले. परंतु ज्या औतांच्या बळावर सरकारी सारा पिकत असे, त्यांचा पाया बलुतेदारांच्या अंगणात घातला जाई. सुतार बाभळीचे ओंडके कित्येक महिने डोहात बुडवून ठेवी, म्हणजे लाकडाला कीड लागत नसे. त्यातून नांगर, वखर, तिफण आणि गाडीच्या चाकाचे तुंबे, आरे व पुठ्ठे घडत. नंतर लोहार गोवऱ्यांच्या आगीत लाल केलेली लोखंडी धाव चाकावर चढवी आणि वर पाणी ओतताच ती आकसून सारे सांधे घट्ट आवळी. बाभळीच्या सालीने ढोर कारागीर चामडे कमावीत, त्याच चामड्याची मोट विहिरीतून पाणी उपशी. डिंक बाळंतिणीच्या लाडवांत जाई आणि काट्यांचे कुंपण पीक राखी.

1900 च्या सुमारास मनमाडहून सिकंदराबादकडे जाणारा हैदराबाद-गोदावरी खोरे रेल्वेचा मार्ग परभणीवरून गेला, तेव्हाही बाभळीचे काम सरले नाही. मानवतसारखी कापसाची पेठ स्थानकापासून दूरच राहिली आणि मालाने लादलेल्या गाड्या याच लाकडाच्या चाकांवर मानवत रोडपर्यंत जात राहिल्या. पुढे लोखंडी नांगर आला, मोटेच्या जागी इंजिन व वीजपंप बसले, गाडीला रबरी धावा लागल्या आणि अखेर ट्रॅक्टरने बैलच मागे सारला. मग ज्यासाठी बांधावरची बाभूळ जपावी ते प्रयोजनच उरले नाही, आणि पडीक रानांत, ओढ्याकाठी परदेशातून आलेल्या वेड्या बाभळीने आपला पसारा मांडला.

या जिल्ह्याचा इतिहास सुभे, जहागिरी आणि 1948 च्या सप्टेंबरातील निजामी राजवटीपासूनच्या मुक्तीपर्यंतच्या राजकीय घडामोडींतून सांगितला जातो, आणि ते यथोचितच आहे. परंतु त्या सर्व राजवटींना ज्याने धान्य पुरविले, त्या कुणब्याचे औत कशाचे होते, हा प्रश्नही तितक्याच आस्थेने विचारला पाहिजे, कारण त्याच्या उत्तरात सुतार, लोहार आणि ढोर यांच्या परस्परावलंबी श्रमाचा वृत्तान्त साठलेला आहे, आणि तो लिहून ठेवण्याइतकेच बांधावर उरलेली बाभूळ राखणे हेही आपले कर्तव्य आहे.