तंजावरच्या राण्या: पत्नीपद, पेन्शन आणि वारसा

कुंभकोणम्‌हून मायिलादुतुरैच्या रस्त्याला लागले की तिरुभुवनम् येते. रेशमी साड्यांसाठी आणि तिसऱ्या कुलोत्तुंग चोळाने बांधलेल्या देवळासाठी हे गाव प्रसिद्ध आहे. त्याला लागूनच तिरुविडैमरुदूर आहे. तंजावरच्या गादीवरून दूर केलेला अमरसिंह भोसले तेथे कंपनीच्या पेन्शनवर राहिला. १७९९ च्या तहाने दुसऱ्या सरफोजीला वर्षाला एक लाख होन आणि निव्वळ महसुलाचा पाचवा हिस्सा मिळाला, तर अमरसिंहाला पंचवीस हजार होन. राज्य कंपनीकडे गेले आणि राजाकडे उरली ती नेमणूक. पण नेमणूक घेणारा वारला की ती कोणाची? या प्रश्नाला खरे तोंड फुटले १८५५ मध्ये.

त्या वर्षी २९ ऑक्टोबरला सरफोजीचा मुलगा शिवाजी निपुत्रिक वारला. मागे मुली आणि डझनाहून अधिक राण्या होत्या. मुलीला गादी द्यावी असे रेसिडेंट फोर्ब्सचे मत होते, पण कंपनीने ते मानले नाही. १८५६ मध्ये याच फोर्ब्सने सरकारच्या हुकमावरून वाड्यावर ताबा घेतला आणि राज्याबरोबर राजाची खाजगी मालमत्ताही सील केली. येथे दोन वेगळ्या गोष्टींची सरमिसळ झाली हे विद्यार्थ्यांनी नीट ध्यानात घ्यावे. राजपद खालसा करणे वेगळे आणि नवऱ्याचे दागिने, घरे, पुस्तके घेणे वेगळे.

थोरली राणी कामाक्षीबाई कोर्टात गेली. नॉर्टन या नामांकित वकिलाने तिची बाजू मांडली आणि मद्रासच्या सुप्रीम कोर्टात ती जिंकली. पण १८५९ मध्ये लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने निकाल फिरवला. ही जप्ती म्हणजे एका सत्तेने दुसऱ्या सत्तेवर केलेले राजकृत्य आहे, ते न्याय्य होते की नव्हते हे पाहण्याचा अधिकार न्यायालयाला नाही, असे लॉर्ड किंग्जडाउन यांनी ठरवले. कायद्याच्या वर्गात हा खटला आजही शिकवतात, परंतु त्यात एक विधवा नवऱ्याचा माल मागत होती, ही बाजू बहुधा सुटून जाते.

पुढे १८६२ मध्ये सरकारने आपण होऊन ही मालमत्ता परत केली. हुकमाची रचना लक्षात घेण्यासारखी आहे. कारभार थोरल्या राणीकडे राहील, बाकीच्या राण्या सहवारस म्हणून उपभोग घेतील, आणि शेवटची राणी गेल्यावर मुलीला, ती नसेल तर राजाच्या पुढील वारसांना मिळेल. अर्थातच सवती कोर्टात गेल्या. १८६८ मध्ये मद्रास हायकोर्टाने जिजोयाम्बाबाई विरुद्ध कामाक्षीबाई या खटल्यात सहविधवांचा हक्क एकत्र असतो आणि एक वारली की तो उरलेल्यांकडे जातो, हे तत्त्व मांडले. थोरलेपणाने कारभाराचा मान मिळतो, मालकी नाही.

मात्र या वाड्यात राण्यांखेरीज इतर स्त्रियाही होत्या. नवरा स्वतः मांडवात न येता त्याच्या तलवारीशी लग्न लावले जाई. त्याला खड्गविवाह म्हणत. अशा स्त्रियांची वस्ती मंगळविलास नावाच्या महालात होती. त्यांची मुले राजाचीच, पण वारस की नाही? शेवटच्या राणीनंतर १९१२ मध्ये संस्थानच्या मालमत्तेचा दावा उभा राहिला, त्यात कोल्हापूरचे महाराजही भोसले कुळाच्या नात्याने पक्षकार होते. १९२४ च्या निकालात हायकोर्टाने खड्गविवाहाला खरा विवाह मानले नाही. त्या स्त्रिया कायम ठेवलेल्या रक्षा ठरल्या. त्याच निकालात तंजावरच्या भोसल्यांना शूद्र ठरवले गेले. हे विचित्र वाटेल, पण त्यामागे रोकडा व्यवहार होता: जुन्या धर्मशास्त्रात द्विजांच्या दासीपुत्राला फक्त पोटगी मिळे, शूद्रांच्या दासीपुत्राला वाटाही मिळे. म्हणजे वर्ण हा येथे मानापमानाचा प्रश्न नव्हता, तो मालमत्तेचा प्रश्न होता. (माझ्या मते त्या निकालातील कुलेतिहासाची चर्चा इतिहासकारांनी जपूनच वापरावी, ती वकिलांच्या गरजेतून लिहिली गेली आहे.)

१९५५ च्या हिंदू विवाह कायद्याने बहुपत्नीत्व संपवले. आता प्रश्न एवढाच उरतो: पहिली पत्नी असताना केलेले दुसरे लग्न. २००० मध्ये रामेश्वरी देवी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने बिहारच्या एका सरकारी नोकराच्या दुसऱ्या पत्नीला विधवा मानले नाही. कुटुंब निवृत्तिवेतन पहिलीला, पण दुसरीच्या मुलांना मात्र वाटा, कारण कलम १६ प्रमाणे ती औरस आहेत. विम्याबाबत १९८३ च्या सरबती देवी निकालाने सांगितले की नामनिर्देशित व्यक्ती पैसे फक्त स्वीकारते, हक्क वारसांचा असतो. २०१५ च्या दुरुस्तीनंतर जोडीदार, मुले वा आईवडील यांचे नाव दिले असेल तर पैसे त्यांच्या हक्काचे होतात. त्यामुळे पेन्शनच्या प्रश्नात आजही लग्नाचा पुरावा महत्त्वाचा ठरतो.