कुलीन कांता

कुलीन कांता : मुंबईच्या कोहिनूर फिल्म कंपनीचा मूकपट (१९२५). दिग्दर्शक होमी मास्टर व कथालेखक मोहनलाल दवे. समकालीन गुन्ह्यावर आधारलेल्या आरंभीच्या भारतीय चित्रपटांत त्याची गणना होते. याच कंपनीचा काला नाग (१९२४) हा मूकपटही मुंबईतील एका खून-खटल्यावर आधारलेला होता.

१२ जानेवारी १९२५ रोजी सायंकाळी मलबार हिलवर अब्दुल कादिर बावला या धनिक व्यापाऱ्याची मोटार अडवून त्याचा खून करण्यात आला. मोटारीत त्याच्यासमवेत इंदूर दरबार सोडून आलेली नर्तकी मुमताज बेगम होती. तिला पळवून नेण्याचा हल्लेखोरांचा बेत त्याच रस्त्याने जाणाऱ्या ब्रिटिश लष्करी अधिकाऱ्यांनी निष्फळ ठरविला. मुंबई उच्च न्यायालयात नऊ जणांवर खटला चालून तिघांना फाशीची व चौघांना जन्मठेपेची शिक्षा झाली. दोघे निर्दोष ठरले. हल्लेखोरांमागील सूत्रधार कोण, हे मात्र न्यायालयात निश्चित झाले नाही. संशय इंदूरचे महाराज तिसरे तुकोजीराव होळकर यांच्याकडे वळला. अहमदनगर (आता अहिल्यानगर) जिल्ह्यातील चौंडी येथे जन्मलेल्या अहिल्याबाईंमुळे महाराष्ट्रात आदरास पात्र झालेले हे घराणे. चौकशी आयोगास सामोरे जाण्याऐवजी तुकोजीरावांनी फेब्रुवारी १९२६ मध्ये पदत्याग केला. त्यांच्यावर खटला कधीच झाला नाही.

याच सुमारास ब्रिटनमध्ये स्टोल कंपनीने आर्थर कॉनन डॉइल यांच्या शेरलॉक होम्सकथांवर ४५ लघुपट व दोन दीर्घपट काढले (१९२१–२३). त्यांत होम्सची भूमिका एली नॉरवुड यांनी केली. अशा गुप्तहेरपटांत अपराधी कल्पित असे आणि गुप्तहेराच्या तर्काने तो अखेरीस उघडकीस येई. कुलीन कांताचे कथानक मात्र वृत्तपत्रांतून सर्वतोमुखी झालेल्या घटनेवरून घेतलेले होते व तिचा उलगडा अपुराच राहिला होता.

अशा विषयाला हात घालणे धाडसाचे होते. १९१८ च्या अधिनियमानुसार १९२० पासून मुंबईत चित्रपटांचे अभ्यवेक्षण होत असे. कोहिनूरच्याच भक्त विदुर (१९२१) या पटातील विदुर गांधीजींसारखा दाखविल्याने त्यावर मद्रास व कराची येथे बंदी आली होती.

भारतात सु. १,३०० मूकपट निर्माण झाले. त्यांपैकी फारच थोडे शिल्लक आहेत. कुलीन कांताची प्रत उपलब्ध नाही. बावला खून-खटल्याची हकीकत न्यायालयीन कागदपत्रांतून व वृत्तपत्रांतून टिकून राहिली. तिचे समकालीन चित्ररूप मात्र नष्ट झाले.