आदिलाबादची उशिरा झालेली सुनावणी

1940 साली आदिलाबाद जिल्ह्यात जोडेघाटच्या डोंगरात निजामाच्या पोलिसांनी गोळीबार केला आणि बंड करणारे गोंड नेते कुमराम भीम व त्यांचे साथीदार मारले गेले. हे बंड आपण शौर्यासाठी आठवतो, ते योग्यच आहे. पण त्याच्या मुळाशी असलेली तक्रार आजही जशीच्या तशी वाचावी अशी आहे. राखीव जंगलाच्या हद्दी आखल्या गेल्या तेव्हा गोंड-कोलामांचे गुडे आणि शेते त्या हद्दीच्या आत गेली. मग जंगल खात्याची माणसे येत, पीक उभे असले तरी उठायला सांगत. बाबेझरीत तर घरेच जाळली. ही जमीन कोण कसतो, कधीपासून कसतो, हे विचारण्याची पायरीच त्या कारभारात नव्हती. ती नसल्यामुळेच साधा जमिनीचा वाद बंदुकीपर्यंत गेला, असे माझे म्हणणे आहे.

याचा पुरावा गोळीबारानंतरच्या घटनांत मिळतो. हादरलेल्या निजाम सरकारने क्रिस्टोफ फॉन फ्यूरर-हायमेनडॉर्फ या ऑस्ट्रियन मानववंशशास्त्रज्ञाला या भागात पाठवले. मारलावाईत मुक्काम ठोकून तो गावोगाव हिंडला, माणसांशी बोलला. कित्येक कुटुंबे वर्षानुवर्षे शिवाय-जमा, म्हणजे पट्ट्याविना कसण्याचा, सारा भरत होती. सरकार त्यांचा पैसा घेत होते, पण पट्टा त्यांच्या नावावर करत नव्हते. तो अर्ज-विनंत्या जाणणाऱ्या बाहेरच्या माणसाच्या नावावर होई. कचेरीचा कागद उर्दूत, गोंडांच्या घरात गोंडी, आठवडी बाजारात मोडकीतोडकी मराठी. अशा ठिकाणी नोटीस बजावली काय आणि न बजावली काय! या चौकशीनंतर 1940च्या दशकात हजारो एकर जमिनीचे पट्टे आदिवासींना मिळाले. आपले सेतुमाधवराव पगडी याच जिल्ह्यात अधिकारी होते. ते गोंडी शिकले आणि त्या भाषेचे व्याकरणही त्यांनी लिहिले. ज्यांना काल अतिक्रमणदार म्हणून हाकलले, त्यांच्यासारख्यांनाच आज हक्कदार मानावे लागले. मधल्या काळात जमीन बदलली नव्हती. फक्त कोणीतरी ऐकून घेतले होते.

म्हणूनच कुणालाही हटवण्याआधी सुनावणी हवी. यावर पहिला आक्षेप असा की, सुनावणीच्या नावाखाली वेळ काढला जाईल, नवे अतिक्रमणदार घुसतील आणि सागवानाचे जंगल संपेल. ही भीती खोटी नाही. आदिलाबादचे जंगल घटले आहे आणि बाहेरच्यांनी आदिवासींच्या जमिनी बळकावल्याही आहेत. पण सुनावणी म्हणजे पट्टा नव्हे. जुना कसणारा आणि कालचा घुसखोर वेगळे करण्याचे तेच तर साधन आहे. चौकशीविना काढलेला हुकूम दोघांना एकाच मापाने मोजतो. दुसरा आक्षेप अधिक कसलेला आहे: बेकायदा ताबा उघड दिसत असताना ऐकायचे ते काय? याला 1985 साली मुंबईच्या फुटपाथवासीयांच्या, म्हणजे ओल्गा टेलिस खटल्यात, सरन्यायाधीश यशवंत चंद्रचूड यांनी उत्तर दिले. सांगण्यासारखे काही नसेलच असे गृहीत धरून ऐकणेच नाकारता येत नाही, अशी त्यांची भूमिका होती. त्याआधी 1982 मध्ये, हैदराबादच्या उस्मानिया विद्यापीठाच्या जमिनीच्या वादात, त्यांनीच ठरवले होते की मालकीचा प्रामाणिक वाद असेल तर 1905च्या अतिक्रमण कायद्याखाली सरकारने झटपट हाकलून देऊ नये. दिवाणी न्यायालयात जावे.

जंगलासाठी हेच तत्त्व 2006च्या वनहक्क कायद्यात आले. दाव्याची पडताळणी पुरी होईपर्यंत वनवासीला हटवता येत नाही. पुरावा म्हणून कागदच लागतो असेही नाही: वडीलधाऱ्यांचा जबाब, जुनी विहीर, स्मशान, देवस्थान हेही चालते. ग्रामसभेचा ठराव मान्य नसेल तर साठ दिवसांत उपविभागीय समितीकडे दाद मागता येते. मारलावाईत बसून हायमेनडॉर्फने जे केले, तेच आता कायद्याने ग्रामसभेवर सोपवले आहे. तरीही जून 2019 मध्ये जुन्या आदिलाबादच्याच कागजनगर भागात, कोलामगोंदीच्या कोलाम कुटुंबांना आधी उठवून लाकडाच्या डेपोत ठेवले गेले. त्यांचे म्हणणे तेलंगणा उच्च न्यायालयाने ऐकले, पण तोवर घरे गेली होती.