जोगत्याची साडी आणि सुतकाचे दहा दिवस

सदाशिव पेठेतील बोली हीच शुद्ध मराठी, असा समज पुण्यात पिढ्यान्‌पिढ्या रूढ आहे. ‘समलिंगी’ हा शब्द याच प्रमाण, लेखी मराठीच्या टाकसाळीतला. तो उपयुक्त आहे. परंतु खेड्यातील घरगुती बोलण्यात तो क्वचितच कानी पडतो, आणि शब्द नाही म्हणून ही गोष्टच परदेशातून आलेली आहे, असे अनुमान काढणारे विद्वान आपल्यात कमी नाहीत. वस्तुतः चाकोरीबाहेरच्या पुरुषास लोकभाषेने जागा दिली होती, ती दैवताच्या आश्रयाने. बेळगाव जिल्ह्यातील सौंदत्तीच्या यल्लम्माला वाहिलेला, साडी नेसून जोगवा मागणारा पुरुष तो ‘जोगता’. या शब्दाने त्याचे देवीशी असलेले नाते सांगितले. त्याचे मन कोणाकडे ओढ घेते, हे विचारले नाही.

राजीव पाटील यांच्या ‘जोगवा’ (२००९) या चित्रपटाने तो प्रश्न विचारला, पण एका बाजूनेच. राजन गवस व चारुता सागर यांच्या साहित्यावर आधारलेल्या या कथेतील तायप्पास देवीच्या नावाने बळेच साडी नेसविली जाते. मनाने तो पुरुषच आहे आणि सुलीवर त्याचे प्रेम आहे. उपेंद्र लिमये यांस या भूमिकेसाठी राष्ट्रीय पुरस्कार लाभला, तो यथायोग्यच. देवदासी प्रथेच्या निर्मूलनासाठी महाराष्ट्रास २००५ चा कायदा करावा लागला, हे ध्यानी घेता चित्रपटाचा संताप अस्थानी म्हणता येणार नाही. तथापि ज्यास त्या साडीतच स्वतःचे रूप सापडले, असा जोगता येथे नायक होऊ शकला नाही. त्याच्यापुरती श्रद्धा म्हणजे जुलूम नव्हता, निवारा होता.

रोहन परशुराम कानवडे यांच्या ‘सबर बोंडं’ या चित्रपटात देवीचा आधार नाही आणि पारिभाषिक शब्दाचाही नाही. कानवडे स्वतः समलिंगी, मुंबईत वाढलेले. वडिलांच्या निधनानंतर गावी सुतक पाळताना नातेवाइकांनी लग्नाचा लकडा लावला, त्या अनुभवातून ही कथा जन्मली. चित्रपटातील आनंदही वडिलांच्या दहा दिवसांच्या सुतकासाठी मुंबईहून गावी येतो. जो विधी त्यास भावकीच्या प्रश्नांपुढे उभा करतो, तोच त्यास बालमित्र बाळ्याच्या सहवासात ठेवतो. विधीची चेष्टा कोठेही नाही. मुलगा बापाचे दिवस मनापासून पाळतो. भारत, ब्रिटन व कॅनडा यांच्या सहनिर्मितीतून झालेल्या या चित्रपटास जानेवारी २०२५ मध्ये अमेरिकेतील सनडान्स महोत्सवात जागतिक कथापट विभागाचे सर्वोच्च पारितोषिक मिळाले.

‘सबर बोंडं’ म्हणजे निवडुंगाची फळे. आम्हा पेठेतील लोकांस निवडुंग ठाऊक, पण हा शब्द मला तरी या चित्रपटानेच शिकविला. बाळ्या ती फळे आनंदसाठी आणतो. हा निवडुंग मूळचा अमेरिकेतला. काही शतकांपूर्वी इकडे आला. गावात त्यास कोणी परका म्हणत नाही.