गामा पैलवान, 1200 किलोचा दगड आणि पुरावा नावाची गोष्ट

पीएचडीच्या तयारीत असलेल्यांना आपण नेहमी सांगतो की दावा आणि पुरावा वेगळा ठेवा. ऐकायला सोपं वाटतं. करायला बसलं की कळतं की आपल्याला आवडणाऱ्या माणसाबद्दलचा दावा तपासताना हात थरथरतो. म्हणून आज प्रयोगशाळेतलं उदाहरण न घेता आखाड्यातलं घेऊ. नाव तुम्हाला माहीत आहेच: गामा पैलवान.

आधी त्याची कारकीर्द थोडक्यात बघू. गामाचं मूळ नाव गुलाम मोहम्मद. जन्माचं साल बहुतेक ठिकाणी 1878 दिलेलं असतं. गाव कुणी अमृतसरजवळचं सांगतं, कुणी दतिया. घराणं काश्मिरी वंशाच्या पैलवानांचं. वडील लहानपणीच गेले, मग आजोबा आणि मामांनी तालमीत घडवलं. त्या काळी व्यावसायिक पैलवान म्हणजे संस्थानाच्या आश्रयावर जगणारा माणूस. खुराक दरबाराचा, इनाम दरबाराचं, कुस्तीही दरबारच नेमणार. दतिया, पतियाळा, बडोदा, आपलं कोल्हापूर, ही सगळी संस्थानं पैलवान पोसत होती. शाहू महाराजांच्या काळात खासबाग मैदान उभं राहिलं ते याच व्यवस्थेतून.

1910 साली गामा लंडनला गेला. सोबत भाऊ इमामबक्ष होता. तिथली व्यवस्था अगदी वेगळी. राजा नाही, प्रमोटर. इनाम नाही, तिकीटविक्री आणि करार. सुरुवातीला नावाजलेले मल्ल त्याच्याशी कुस्ती घ्यायला पुढे येईनात, तेव्हा त्याने जाहीर आव्हानं दिली. ऑगस्टमध्ये अमेरिकेचा डॉक्टर बेंजामिन रोलर पुढे आला आणि हरला. हा खराखुरा वैद्यकीय डॉक्टर होता बरं का. मग 10 सप्टेंबरला पोलंडचा स्टॅनिस्लॉस झिबिस्को. गामापेक्षा बराच जड. गामाने त्याला सुरुवातीलाच खाली घेतलं, आणि त्यानंतर झिबिस्को जमिनीला चिकटून बसला तो बसलाच. अडीच तासांहून जास्त वेळ हे चाललं. कुस्ती निकाली झाली नाही. आठवड्याने पुन्हा नेमली, तर झिबिस्को आलाच नाही आणि गामाला विजयी घोषित केलं गेलं.

पुढे 1928 च्या जानेवारीत पतियाळ्याचे महाराज भूपिंदरसिंग यांनी दोघांना पुन्हा समोरासमोर आणलं. या वेळी गामाने त्याला मिनिटाच्या आत आस्मान दाखवलं. फाळणीच्या वेळी गामा लाहोरमध्ये होता, तिथेच राहिला आणि 1960 साली तिथेच वारला. शेवटची वर्षं आजारपणात आणि पैशाच्या ओढाताणीत गेली. आश्रय देणारी संस्थानंच उरली नव्हती.

आता आपल्या कामाकडे वळू. गामाबद्दल तीन आकडे सगळीकडे फिरतात. एकेक करून तपासू.

पहिला आकडा: रोज 5000 बैठका आणि 3000 जोर.
याला साधा हिशोब लावा. एका बैठकेला दोन सेकंद धरले तर 10,000 सेकंद, म्हणजे पावणेतीन तास. एका जोराला तीन सेकंद धरले तर 9000 सेकंद, म्हणजे अडीच तास. एकूण सव्वापाच तास. ज्याचा धंदाच कुस्ती आहे आणि खुराकाची चिंता दरबार करतो, त्याच्यासाठी हे वेळेच्या हिशोबात बसतं. म्हणून हे खरं झालं का? नाही. एवढंच कळलं की हे अशक्य नाही. ‘शक्य आहे’ आणि ‘घडलं’ यांच्यामध्ये मोठी दरी असते. प्रपोजल लिहिताना बरेच जण ती एका उडीत पार करतात.

दुसरा आकडा: 5000 कुस्त्या, एकही हार नाही.
कारकीर्द साधारण 1895 ते 1929 धरा, म्हणजे 34 वर्षं. वर्षाला सुमारे 147 कुस्त्या, दर अडीच दिवसांनी एक. तालमीतल्या सरावाच्या पकडी मोजल्या तर हा आकडा लहानच ठरेल. नेमलेल्या, इनामाच्या कुस्त्या मोजायच्या तर भलताच मोठा. म्हणजे भांडण आकड्याचं नाहीच, व्याख्येचं आहे: ‘कुस्ती’ कशाला म्हणायचं? आणि ‘अपराजित’ म्हणजे ‘सगळ्या जिंकल्या’ असं नव्हे. रहीमबक्ष सुलतानीवाला या धिप्पाड पैलवानाबरोबरच्या त्याच्या काही कुस्त्या बरोबरीत सुटल्या होत्या. झिबिस्कोबरोबरची लंडनची कुस्तीही तशीच. तुमच्या डेटामध्ये ‘बरोबरी’साठी रकाना नसेल तर ती आपोआप विजयात जाऊन बसते.

तिसरा आकडा सगळ्यात लाडका: 1902 साली बडोद्यात उचललेला 1200 किलोचा दगड.
हा दगड बडोद्याच्या संग्रहालयात आहे आणि त्यावर तसं कोरलेलंही आहे. लोक म्हणतात, अजून काय पुरावा पाहिजे? थांबा. दगडाचं वजन हा एक दावा. तो गामाने उचलला हा दुसरा दावा. पहिला वजनकाट्यावर तपासता येतो. दुसऱ्याला तो काटा काहीच मदत करत नाही.

आता तुलना करा. आज जगातले सगळ्यात ताकदवान लोक खास पट्टे बांधून, हाताच्या पकडीला सोयीची लोखंडी दांडी जमिनीवरून फक्त मांडीपर्यंत उचलतात, तेव्हा आकडा 500 किलोच्या थोडा पुढे जातो. 1200 किलोचा पाषाण साधा घन धरला तर त्याची बाजू अडीच फूट येते. त्याला कवेत घ्यायला माणसाचे हात पुरत नाहीत. एक कड उचलून कलता करायचा म्हटलं तरी सुरुवातीला साधारण निम्मा भार, म्हणजे 600 किलो, पेलावा लागतो. छातीपर्यंत उचलून चालत नेला ही गोष्ट शरीरशास्त्रात बसत नाही.

आणि एक गंमत बघा. 1902 साली बडोद्याच्या बाजारात किलो चालतच नव्हता. मण आणि शेर होते. मेट्रिक मापं आपल्याकडे आली 1950 च्या दशकाच्या शेवटी. म्हणजे ‘1200 किलो’ हा आकडा या रूपात तरी त्या दिवसाचा नाही. मणातून रूपांतर करायचं तर कुठला मण? बंगाली मण सुमारे 37 किलोचा, मुंबईचा जेमतेम पावणेतेरा किलोचा. एकाच शब्दात तिप्पट फरक. इथे तसंच झालं असं मी म्हणत नाही. पण जुन्या कागदातलं एकक न तपासता आकडा उचलणं म्हणजे गामाच्या दगडापेक्षा जड चूक.

मग गामाच्या आयुष्यात पक्कं काय उरतं? माझ्या मते, सगळ्यात भक्कम पुरावा लंडनच्या त्या कंटाळवाण्या कुस्तीत आहे. त्या काळच्या व्यावसायिक कुस्तीत ठरवून केलेले निकाल सर्रास होते. झिबिस्कोचंच उदाहरण घ्या. 1925 साली फिलाडेल्फियात त्याने वेन मन याच्याकडून ठरल्याप्रमाणे हरायचं होतं. त्याने ऐनवेळी ठराव मोडला आणि मनला खरोखर चीत केलं. अशा धंद्यात विजयाची बातमी फार काही सिद्ध करत नाही. पण तिकीट काढून आलेल्या प्रेक्षकांना अडीच तास एक माणूस पालथा पडलेला दाखवायचा, असं कुठला प्रमोटर ठरवून करेल? ती कुस्ती रटाळ होती म्हणूनच खरी वाटते. नावाजलेला, जड मल्ल इतका वेळ फक्त बचाव करत राहतो, यातच समोरच्याची ताकद दिसते. आणि पुढच्या आठवड्याची त्याची गैरहजेरी त्याला दुजोरा देते.

संशोधनात हे लक्षात ठेवा: जी माहिती कुणाच्याच फायद्याची नाही आणि तरीही नोंदली गेली, तिच्यावर जास्त भरवसा ठेवावा. 1928 च्या विजयाची वेळ कुठे 42 सेकंद, कुठे 49 अशी बदलत जाते, कारण ती गोष्ट सगळ्यांना सांगायला आवडते. अडीच तासांच्या रटाळपणाला कुणी मीठमसाला लावत नाही.

हे लिहिताना मला एक बोचतं. खाशाबा जाधवांचं 1952 चं कांस्यपदक ऑलिंपिकच्या अधिकृत नोंदीत आहे. ते सिद्ध करायला कुणाला दंतकथा लागत नाही. गामाच्या मागे अशी नोंद ठेवणारी संस्था नव्हती. होता तो दरबार आणि प्रमोटर. एक संपला, दुसऱ्याला पुढच्या तिकिटाची काळजी. मागे राहिल्या गोष्टी, आणि प्रत्येक सांगणाऱ्याने प्रेमापोटी त्यात शेर-दोन शेर वाढवले. परिणाम काय? दगडाची गोष्ट कुणी खोडली की ऐकणाऱ्याला वाटतं, मग लंडनचंही खोटंच असेल. फुगवलेला एक दावा बाजूच्या खऱ्या दाव्यालाही घेऊन बुडतो. म्हणून दगड बाजूला ठेवणं हा गामाचा अपमान नाही. त्याची खरी कमाई वाचवायची तर तेच करावं लागतं.

आता तुमच्यासाठी गृहपाठ. तुमच्या विषयातला असा एक आकडा शोधा जो सगळे उद्धृत करतात. मग चार प्रश्न विचारा: एकक कुठलं? व्याख्या कुठली? पहिल्यांदा कुणी लिहिला? आणि तो खरा ठरण्यात कुणाचा फायदा? चारही उत्तरं मिळाली तर आकडा वापरा. नाही मिळाली तर तुमच्या प्रबंधाचा पहिला प्रश्न तिथेच आहे.