सावेदादांचा कॅमेरा



स्मरणिकेसाठी ‘तुझ्या कामाबद्दल लिही’ असा निरोप आला. मी माहितीपट करते. इतिहासाच्या पुस्तकात ज्यांना जेमतेम एक ओळ मिळते, अशा माणसांच्या मागे लागायचं, हे माझं काम. त्यांच्यातल्याच एकाबद्दल लिहिते.

७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिए बंधूंची हलती चित्रं दाखवली गेली. तिकीट एक रुपया. त्या खेळांनी भारावलेल्यांत हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा होते. व्यवसायानं छायाचित्रकार. त्यांनी इंग्लंडहून, ब्रॅडफर्डच्या रायली ब्रदर्सकडून, २१ गिनींचा कॅमेरा मागवला. १८९९ मध्ये हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी यांची कुस्ती त्यांनी टिपली आणि फिल्म धुण्यासाठी लंडनला पाठवली. फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ यायला अजून चौदा वर्षं होती.

आपल्या माणसानं कॅमेरा हाती घेतला, तेव्हा त्यानं आधी काय पाहिलं? दोन पैलवान. मग माकडं नाचवणारा मदारी. दिल्ली दरबाराचा थाटमाट त्यांनी टिपला तो नंतर, १९०३ मध्ये.

त्याआधीचं एक चित्रीकरण आपल्याला जवळचं वाटेल. दापोलीजवळच्या मुर्डी गावचे र. पु. परांजपे १८९९ मध्ये केंब्रिजला गणितात पहिले आले. सीनियर रँग्लर होणारे ते पहिले भारतीय. डिसेंबर १९०१ मध्ये ते मुंबईत उतरले, तेव्हा झालेलं स्वागत सावेदादांनी टिपलं. आपल्या देशातला हा पहिला बातमीपट मानला जातो. गणितात पहिला आलेला मुलगा आणि त्याला बघायला लोटलेली गर्दी! गणिताच्या सरांना हे वाचून बरं वाटेल.

ही रिळं आज उपलब्ध नाहीत. त्या काळची नायट्रेट फिल्म चटकन पेटायची, नाही पेटली तर हळूहळू कुजायची. जुन्या फिल्मवरची चांदी काढून ती विकणारेही होते. चित्रपट जपणारं राष्ट्रीय संग्रहालय पुण्यात सुरू झालं ते १९६४ मध्ये. तोवर खूप काही गेलं होतं. सावेदादांचं काम आज कळतं ते लिहून ठेवलेल्या नोंदींवरून. रिळं गेली, पण कुस्ती कुणाची होती ते उरलं, कारण कुणीतरी दोन नावं लिहून ठेवली.

म्हणून एक विनंती. आपापल्या घरी स्नेहसंमेलनाचे, सहलीचे, निरोप समारंभाचे फोटो असतील. ते मेळाव्याला घेऊन या. प्रत्येकाच्या मागे पेन्सिलीनं साल आणि नावं लिहा. पहिल्या रांगेत बसलेल्या शिक्षकांची नावं आपल्याला पाठ आहेत. कडेला उभ्या असलेल्या शिपाईमामांचं आणि घंटा देणाऱ्या मावशींचं पूर्ण नाव किती जणांना आठवतं? ज्यांना आठवतं ते आज आपल्यात आहेत, तोवर विचारून घेऊ.